वाफेकरचा रिलीव्हर

बेटेगाव, बोईसर
३ नोव्हेंबर २०२५

जिवल्या उस्ताद,

नमस्कार मागाहून, आधी बातमी. आपण टीव्हीवर येतोय!

फोन तू उचलत नाहीस. गेल्या आठवड्यात पालघरला कलेक्टर कचेरीत माझ्या वर्कशॉपच्या कागदांसाठी गेलो होतो, तर जिन्यात तुझी स्नेहा भेटली. तिथेच नोकरीला आहे हे मला माहीतच नव्हतं. तिला म्हटलं, बाबांचा नंबर लागतो पण बाबा लागत नाहीत. ती हसली. "काका, फोन नाही उचलणार ते. लिहून द्या. लिहिलेलं असलं तर वाचल्याशिवाय राहत नाहीत, लॉगबुकाची सवय आहे त्यांना." म्हणून हे पत्र. शनिवारी ती पाड्यावर येईल तेव्हा तुझ्या हातात देईल.

झालं काय, दिवाळीच्या आधी इथल्या कारखानदारांचा मेळावा होता. मी आता त्यांच्यात बसतो. पंप आणि मोटर दुरुस्तीचं माझं शेड बघायला तू कधी आला नाहीस, पण बरं चाललंय. अजून मशीनवर स्क्रूड्रायव्हर टेकवून मूठ कानाला लावतो आणि कुठलं बेअरिंग गेलंय ते सांगतो. तर जेवणाआधी कोणीतरी म्हणालं, बन्सीशेठ, दोन शब्द बोला. मला भाषण येत नाही. मग मी आपल्या जुन्या कारखान्यातली तुझी ती दुपारी तीनची शिफ्ट देण्याची पद्धत करून दाखवली. पहिली पाळी संपली, जाणारा माणूस येणाऱ्याला बॉयलर, म्हणजे तुझी म्हातारी, सोपवतोय. आठवतं का?

"ऐक. म्हातारीला दहा वाजता ठसका लागला. मी विचारला, काय झाला गं? बोलत नाय. साहेब आला, बोलला, प्रेशर कमी हाय. मी बोललो साहेब, तुमी आलात म्हणून कमी हाय. मोठा माणूस दिसला का ती पदर सावरते. तुमी जावा, येईल वर. साहेब गेला, आला वर! पाणी मागंल, दे. पण लगेच नको. मागितल्याबरोबर दिला का तिला वाटंल आपण रिकामे हाव. काच पुस. ती काच नाय, तिचा चष्मा हाय. धूर काळा झाला का समज, कोणीतरी जेवणावरून बोलला तिला. वरचा व्हॉल्व्ह फुसफुसला तर घाबरू नको, नवऱ्याची आठवण येते तिला. एवढाच हाय. घेतलीस?"

उस्ताद, लोक ताटं ठेवून हसले! माझ्या वैभवीने फोनवर शूटिंग केलं आणि टाकलं. चार दिवसांत बोईसरभर झालं. नाक्यावरचा वेल्डर, गोरखपूरचा, मला बघून ओरडतो, "सेठ, बुढ़िया कैसी है?"

आणि मग मुंबईहून चॅनेलवाल्यांचा फोन. दोन मालिकांच्या मध्ये पाच मिनिटं. एक माणूस, एक बॉयलर, बाकी कोणी नाही. रोज तीन वाजतात, तो आपली शिफ्ट सोपवायला उभा राहतो, पण ज्याला सोपवायची तो कधी येतच नाही. पात्राचं नाव वाफेकर. मी त्यांना तुझा पहिला नियमसुद्धा सांगितला, की रिलीव्हर येऊन तोंडाने "घेतली" म्हणत नाही तोवर जाणारा बॉयलर सोडत नाही, घरी काहीही असो. दिग्दर्शिका आहे हिमानी नावाची, माझ्या वैभवीच्या वयाची. टाळीच वाजवली तिने. "काका, यातच सगळं आहे!"

कागद तयार आहेत. सही करण्याआधी म्हटलं तुला विचारावं. तुझं नाव कुठे येणार नाही, काळजी नको.

आणि तेरा सालच्या मार्चमधला तो दिवस अजून धरून बसला असशील तर परत सांगतो, माझी मोटरसायकल चिल्हार फाट्यावर बंद पडली होती. माणूस काय करणार?

बाकी सर्व ठीक. प्रेशर नॉर्मल.

तुझा
बन्सी


१० नोव्हेंबर २०२५

जिवल्या उस्ताद,

उत्तर नाही. भाताची झोडणी चालू असेल, समजतो.

मुंबईला जाऊन आलो. चाचणीचा एक भाग घेतला. काय सांगू! दरवाजात माझं नाव विचारलं, गळ्यात पट्टी घातली, एका मुलीने तोंडाला पावडर लावली, वर म्हणते, "काका, कान किती छान आहेत तुमचे, मोठे." मी म्हटलं, बाई, याच कानांनी घर चालवलंय.

आत बॉयलर. थर्माकोलचा! चांदीचा रंग दिलेला, हात लावला की चुरा. पाण्याची पातळी दाखवणारी काच बसवलेली, तिच्यात पाणी नाही, निळा कागद. मी हिमानीला विचारलं, वाफ कुठून येणार? ती म्हणाली, मशीन आहे. ते मशीन सुरू केलं तर म्हातारीच्या पायाखालून धूर निघायला लागला, लग्नात नवरा-नवरी येतात तेव्हा सोडतात तसा. तू असतास तर लॉगबुकात काय लिहिलं असतंस देव जाणे.

दिवे लागले आणि मी सुरू झालो. समोर पंचवीस-तीस लोक बसवलेले. हसले. चांगले हसले. सगळे खूश.

पण दोन गोष्टी झाल्या. त्या तुला नाही सांगायच्या तर कोणाला?

एक. माझा कान तुला माहीत आहे. त्या हसण्यात दोन आवाज होते. साहेब आल्यावर म्हातारी पदर सावरते तिथे जे हसले, ते गोष्टीला हसले. तो आवाज गोल होता, तेल दिलेल्या बेअरिंगसारखा. पण काही जण मी "हाय" म्हटलं की हसत होते, "नाय" म्हटलं की हसत होते. त्यात नुसती खरखर होती. आणि तू कधी "हाय" असं ओढून म्हणतच नव्हतास. ते ओढणं माझं. मेळाव्यात टाळी पडली म्हणून मी ते वाढवलं. बोलणं तुझं, आणि तोंड वेडावलं मी. हे स्टुडिओत उभं राहिल्यावर माझ्याच कानाला ऐकू आलं.

दोन. शेवट पडला. हिमानीने सात वेळा करून घेतला. "काका, तुम्ही 'घेतलीस?' विचारता आणि लगेच मान वळवता. थांबत नाही तुम्ही. तो माणूस थांबतो ना? खरंच वाट बघतो ना?" मी म्हटलं, थांबतो की. पुन्हा केलं, पुन्हा मान वळली. शेवटी ती म्हणाली, "तुम्ही कधी कोणाची वाट बघितलेली दिसत नाही."

चहा प्यायला बाहेर गेलो तो बराच वेळ आत आलो नाही.

तू उत्तर दे. शिव्या दे, पण लिही.

बन्सी


१७ नोव्हेंबर २०२५

उस्ताद!

आलं! काल स्नेहा आली, पिशवीतून पाकीट काढलं, म्हणाली, "बाबांनी दिलंय." फाडलं तर आत माझंच पहिलं पत्र! मी आधी तोंडात मारल्यासारखा उभा राहिलो. मग उलगडलं तर समासात लाल पेन. अगदी तसंच, माझी नोंद चुकली की तू लॉगबुकात करायचास तसं. बोलताना काहीही बोलशील, पण लाल पेन हातात आलं की तुझी भाषा साहेबांची. वैभवी मला विचारते, "बाबा, एवढं काय हसताय?" मी तिला वाचून दाखवलं.

"चष्मा नाही. डोळा. चष्मा काढता येतो."

बरोबर! म्हणूनच ते माझ्या तोंडात बसत नव्हतं! आणि पुढे, "नवऱ्याचं मी बोललो नव्हतो. पण ठीक." हे "पण ठीक" मी दिवसभर खिशात घेऊन फिरलो, उस्ताद.

वर पहिल्या ओळीत "आपण टीव्हीवर येतोय" यातल्या "आपण"ला गोल. बाजूला, "कोण कोण?"

आणि खाली मोटरसायकलच्या ओळीपुढे एकच शब्द. "खोटं."

बरं. लॉगबुकात खोडाखोड चालत नाही, खाली नवी नोंद करायची असते. ही नवी नोंद.

मोटरसायकल बंद पडली नव्हती. ती वर्कशॉप निघायच्या आधीची गोष्ट. त्या दिवशी मी तारापूरला एका कारखान्यात होतो. त्यांचा मोठा पंप बसला होता, तीन मेकॅनिक येऊन गेले होते. मालक म्हणाला होता, आज चालू करून दिलास तर पुढचं सगळं काम तुझं. मी कान लावला, मला कळलं. दीड वाजता पंप उघडला. तीन वाजले तेव्हा तो अजून उघडाच होता.

घड्याळ बघितलं मी. विसरलो नव्हतो. आदल्या दिवशी तू मला सांगितलं होतंस, "बन्सी, उद्या साडेचारला स्नेहाला बघायला माणसा येणार हायत. वेळेवर ये." तेसुद्धा लक्षात होतं. आणि तरी मी घाई केली नाही, कारण मनात म्हटलं, जिवल्या आहे. साहेबाने जा म्हटलं तरी तो म्हातारीला सोडून जायचा नाही. तुझ्या जागी दुसरा कोणी असता, बॉयलर टाकून जाणारा, तर मी पंप तसाच टाकून धावत आलो असतो. तू जाणार नाहीस हे माहीत होतं म्हणून मी निवांत एकेक नट आवळला.

रात्रपाळीचा माणूस आला तेव्हा तू सुटलास. पाहुणे गेले होते. बापाच्या जागी मामा बसला होता. हे तू मला कधी सांगितलं नाहीस, स्नेहाने कचेरीच्या जिन्यात सांगितलं, तेही सहज, तिसऱ्याच बोलण्यात. दुसऱ्या दिवशी तू माझ्या नावापुढे "आला नाही" एवढंच लिहिलंस आणि आठ दिवसांत नोकरी सोडून पाड्यावर गेलास. मी महिन्याभराने सोडली. माझं वर्कशॉप त्या पंपावर उभं राहिलं असं मी सगळ्यांना सांगतो. ते तुझ्यावर उभं राहिलं.

आणि "कोण कोण?" याचं उत्तर. सही करण्याआधी तुला विचारतोय असं लिहिलं, तेही खोटं. ते तुझ्या लाल पेनातून सुटलं, कारण तुला ठाऊकच नव्हतं. सही दहा दिवस आधी झाली होती. "मूळ कल्पना" या रकान्यात माझं नाव होतं.

आज सकाळी हिमानीला फोन केला. म्हटलं, वाफेकर माझा नाही. ज्याचा आहे तो उस्ताद आहे माझा, त्यानेच मला बॉयलर शिकवला. रकाना बदला, आणि तो नाही म्हणाला तर वाफेकर बंद. तसं लिहूनही दिलं. मला वाटलं ती चिडेल. तर ती ओरडली, "काका, तो माणूस जिवंत आहे? मग तुम्ही कशाला करताय? त्यांना आणा!"

आणू का?

तू नाही म्हणालास तर नाही. मी परत फोन करणार नाही, स्नेहालाही मध्ये घालणार नाही. वैभवीला सांगून ठेवलंय, तिने तो व्हिडिओ आजच काढून टाकला. गोरखपूरवाला हळहळला. मी त्याला म्हटलं, म्हातारी विचारल्याशिवाय कोणाशी बोलत नाही.

लाल पेन तुझ्याकडे आहे.

बन्सी


२८ नोव्हेंबर २०२५

उस्ताद, उस्ताद, उस्ताद!

माझ्याच पत्राच्या खाली लाल पेनाने चार वाक्यं. "वाचलं. भात झोडून झालं. येतो. थर्माकोल चालणार नाही."

मी कार्यालयात, म्हणजे शेडमध्ये, खुर्चीवर उभा राहिलो. माझी माणसं म्हणाली, शेठला काय झालं?

थर्माकोल चालणार नाही! हिमानीला वाचून दाखवलं, ती म्हणाली, "बरोबर आहे त्यांचं, मग काय करायचं?" मी म्हटलं, खरा देतो. तारापूरच्या एमआयडीसीत कपडा रंगवायचा एक छोटा कारखाना दोन वर्षं बंद आहे. मालक माझ्या ओळखीचा. बॉयलर तिथेच आहे, आपल्याच म्हातारीच्या मापाचा, गंजलाय पण उभा आहे. मालक म्हणाला, घ्या, कबुतरांखेरीज कोणी येत नाही. चार दिवस मी आणि माझी दोन माणसं तिथेच होतो. घासला, पुसला, दरवाजाला तेल दिलं. काचेची नळी नवी बसवली आणि तिच्यात पाणी भरलं. निळा कागद नाही, पाणी. डोळा उघडा आहे तिचा.

हिमानी येऊन बघून गेली. त्या शेडमध्ये पाय ठेवल्याबरोबर हळू बोलायला लागली, देवळात बोलतात तशी. कॅमेरावाल्याला म्हणाली, इथे वेगळा उजेड कशाला हवा?

मी विचारलं, "मग आता मी काय करू? घरी बसू?"

ती म्हणाली, "तुम्ही रिलीव्हर."

"तो तर कधी येत नाही ना?"

"पहिल्याच भागात येतो. मग कळतं की हा माणूस का थांबत होता. पुढच्या भागांत मागची गोष्ट. तुम्हाला एकच शब्द आहे."

एक शब्द! आख्खं भाषण पाठ केलेला माणूस मी, आणि मला एक शब्द. आणि खरं सांगतो, घरी येताना गाडी चालवत मी तो शब्द मोठ्याने म्हणून बघत होतो. सिग्नलवर शेजारचा रिक्षावाला बघायला लागला.

तू जसा बोलतोस तसाच बोल. कोणी ओढून बोलायला सांगितलं तर मला सांग, मी बघतो. लिहून दिलेलं पाठ करायचं नाही, हिमानीलाही तसंच हवंय.

रविवारी ३० तारखेला. स्नेहा तुला घेऊन येईल, तिलाही सुट्टी आहे. शूटिंग दुपारी तीनला, म्हणजे तीनलाच, म्हातारीची वेळ. मी अडीचला पोचेन. नाही, दोनला. नाही उस्ताद, मी सकाळीच तिथे असेन.

बन्सी


२ डिसेंबर २०२५

उस्ताद,

तू तिथे होतास, मग पत्र कशाला असं म्हणशील. पण जाणाऱ्याची नोंद वेगळी आणि येणाऱ्याची वेगळी, हे तूच शिकवलंस. तुझी तू लिही. ही माझी.

तू गाडीतून उतरलास तेव्हा आधी दिसला तो खाकी शर्ट, कामावरचा. तोच शर्ट. इस्त्री केलेला. तू माझ्याकडे बघितलंस आणि पहिलं वाक्य काय, तर "पोट सुटला तुजा." बारा वर्षांनी! मी म्हटलं, खुर्चीचं काम आहे. तू म्हणालास, "दिसतंय." आणि सरळ आत गेलास, म्हातारीकडे. तिच्या अंगावर तळहात ठेवलास, आम्ही देवळात ठेवतो तसा नाही, आजाऱ्याच्या कपाळावर ठेवतात तसा.

मग मी दरवाजाबाहेर गेलो, माझी जागा तिथे होती. फटीतून दिसत नव्हतं, फक्त ऐकू येत होतं. मला तेवढं पुरतं.

"ऐक. थंड हाय म्हणून मेली समजू नको. रुसली हाय. दोन वर्सा कोणी विचारला नाय तिला, कशी हाईस. कबुतरा विचारतात, पण त्यांचा काय, ती कोणालाबी विचारतात."

हिमानीच्या माणसांपैकी कोणीतरी फसकन हसलं आणि तोंड दाबलं. गोल हसू. एकही खरखर नाही. तू "हाय" म्हणत होतास आणि कोणाला त्या "हाय"चं काही वाटत नव्हतं, सगळे म्हातारीला काय झालं ते ऐकत होते.

"आज एक मुलगी आली, तोंडाला पावडर लावते बोलली. मी बोललो माजा राहू दे, हिचा बघ. ती बोलली बॉयलरला पावडर नाय लावत काका. मी बोललो, मग मला का? मी काय बॉयलरपेक्षा कमी तापतो?" हे कुठून काढलंस? हे तर सकाळी खरंच झालं होतं!

आणि मग ते डोळ्याचं, मग पाण्याचं. आणि मग, "एवढाच हाय. घेतलीस?"

हिमानीने मला सांगितलं होतं की दहापर्यंत मोजा आणि आत या. मी मोजले. दहा झाले. पाय उचलला आणि शब्द आला नाही. गाडीत, अंघोळ करताना, शेडमध्ये शंभर वेळा म्हटलेला शब्द. पंधरा झाले. वीस झाले. पत्र्यावर कबुतर चालत होतं, त्याची नखं ऐकू येत होती. स्नेहाच्या बांगड्या एकदा वाजल्या आणि थांबल्या. आणि तुझा श्वास. मी तुझा श्वास ऐकत होतो, उस्ताद. तो जरासुद्धा घाईत नव्हता. तू परत विचारलं नाहीस. मान वळवली नाहीस. कोणीतरी येणार आहे असा श्वास होता तो. मेळाव्यात मी तुझं सगळं बोलणं उचललं होतं, हे मात्र मला कधी उचलता आलं नसतं.

दरवाजा ढकलून मी आत आलो. "घेतली, उस्ताद." दुसरा शब्द कागदावर नव्हता.

तू खांद्यावरचा फडका काढून माझ्या हातात दिलास, शिफ्ट देताना द्यायचास तसा. हिमानी "कट" म्हणणार तेवढ्यात तू बोललास.

"वेळ सांग."

मी घड्याळ बघितलं. "तीन वाजून बारा मिनिटं."

"उशीर किती?"

"बारा वर्षं, आठ महिने."

"कारण?"

मी फडक्याची घडी घालायला लागलो. सगळी माणसं हसली, हिमानी हसता हसता डोळे पुसत होती. ती म्हणाली, इथेच कापायचं, "कारण?"वर. लोकांना विचार करू दे. स्नेहा मात्र हसली नाही. ती पुढे आली, तुझा हात धरला आणि म्हणाली, "बाबा, चला आता. सुटलात तुम्ही."

पालघरच्या बाजारात छापील लॉगबुक अजून मिळतं, तेच रकाने, तोच हिरवा पुठ्ठा. एक आणलं. पहिल्या पानावरची नोंद खाली उतरवतो. पान फाडून पत्रासोबत पाठवलं असतं, पण लॉगबुकाचं पान फाडायचं नसतं.

दिनांक: ३० नोव्हेंबर २०२५
पाळी: दुसरी
सोपवली: जिवल्या
घेतली: बन्सी
उशीर: १२ वर्षं ८ महिने
उशिराचं कारण: उस्ताद बॉयलर सोडून जाणार नाही हे रिलीव्हरला माहीत होतं.
शेरा:

शेऱ्याची जागा लाल पेनासाठी कोरी ठेवली आहे.

बन्सी